बंदोबस्त कुणासाठी?

संप चालू असलेल्या कारखान्याच्या फाटकावर पोलिसांची गाडी दिसली, की आपल्या मनात पहिला प्रश्न येतो, यांना बोलावले कुणी? पुष्कळदा उत्तर असते, कोर्टाने. माल बाहेर जाऊ देत नाहीत, कामावर येणाऱ्यांना अडवतात, अशी तक्रार घेऊन मालक कोर्टात जातो आणि कोर्ट पोलीस संरक्षणाचा हुकूम देते. असा हुकूम कायद्यात बसतो, याबद्दल वाद नाही. तो इन्साफातही बसतो का, एवढेच आपल्याला पाहायचे आहे.

१९६७ साली पश्चिम बंगालमध्ये संयुक्त आघाडीचे सरकार आले आणि घेरावांची लाट उसळली. व्यवस्थापकांना कामगार तासन्‌तास कोंडून ठेवू लागले. मार्चमध्ये सरकारने परिपत्रक काढले, की घेरावाच्या प्रकरणात मजूरमंत्र्यांचा आदेश आल्याखेरीज पोलिसांनी हस्तक्षेप करू नये. जय इंजिनिअरिंग वर्क्सच्या खटल्यात कलकत्ता हायकोर्टाने त्याच वर्षी ते बेकायदा ठरवले. गुन्हा घडत असेल तर पोलिसांचे कर्तव्य कायद्याने ठरवलेले असते, मंत्र्याला ते थोपवता येत नाही, असा त्या निकालाचा आशय होता.

आपली सहानुभूती मजुरांकडे असली, तरी हा निकाल आपल्याला मान्य करावा लागतो. वरून इशारा येईपर्यंत पोलीस हात बांधून उभे राहिले, म्हणजे काय होते, हे आपल्या समाजाला कुणी समजावून सांगायला नको. १९९२-९३ च्या मुंबईतील दंगलींबाबत पोलिसांच्या निष्क्रियतेवर आणि पक्षपातावर श्रीकृष्ण आयोगाने १९९८ च्या अहवालात ठपका ठेवला आहे. आपल्या मोहल्ल्यासाठी जे मागायचे, ते कारखान्यात कोंडलेल्या माणसाला नाकारायचे, हे आपल्याला शोभणार नाही. संप मोडून आत जाणारा मजूर आपल्याला आवडो वा न आवडो, त्याच्या अंगावर हात पडता कामा नये.

पण गोष्ट येथे संपत नाही. संरक्षणाचा अर्ज तातडीचा म्हणून लगेच ऐकला जातो. ज्या पगारासाठी, ज्या बडतर्फीसाठी संप झाला, तिचे काय? १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याखाली आधी समझोत्याची बोलणी, मग सरकारकडून प्रकरण सोपवले जाणे, मग लेबर कोर्ट, त्यावर हायकोर्ट, अशी वाट होती. तेवढ्यात मजुराची मुले मोठी होत. मालाचे नुकसान तातडीचे आणि चुलीचे नुकसान सावकाशीचे, हे कुणी ठरवले? मधल्या काळात बंदोबस्ताच्या आडून माल निघत राहतो आणि संप आपोआप मरतो. कोर्टाने कुणाची बाजू घेतलेली नसते, तरी एक बाजू जिंकलेली असते.

फाटकावरच्या शिपायाकडेही पाहू. १९६६ च्या कायद्याने पोलिसांच्या संघटना करण्याच्या हक्कावर बंधने आहेत. मुंबईत १८ जानेवारी १९८२ ला गिरणी संप सुरू झाला. तो चालू असतानाच ऑगस्टमध्ये शहरातले पोलीसच संपावर उतरले आणि लष्कर बोलवावे लागले. म्हणजे मजुराला अडवायला उभा केलेला माणूसही स्वतःच्या गाऱ्हाण्यासाठी दार शोधत होता.

म्हणून आमचे म्हणणे इतकेच आहे. कोर्टाने संरक्षण जरूर द्यावे, पण ते माणसाच्या जिवाचे आणि वाटेचे असावे. शांतपणे बसलेल्या संपकऱ्यांना फाटकापासून इतके दूर हटवू नये, की त्यांची घोषणा आत पोचणारच नाही. आणि ज्या हुकुमात पोलिसांना बोलावले जाते, त्याच हुकुमात मजुरांच्या मूळ मागणीच्या सुनावणीची तारीखही पडावी, जवळची. ती तारीख नसेल, तर बंदोबस्त कुणासाठी होता, हे मजुराला कुणी सांगावे लागणार नाही.