हिशेब मागण्याआधी



आपल्या धर्मग्रामातील कितीतरी घरांची चूल मोटार उद्योगावर पेटते. कुणी आकुर्डीत कामाला आहे, कुणी भोसरीच्या छोट्या वर्कशॉपमध्ये, कुणी चाकणला लाइनवर. या घरांत अलीकडे एक शब्द वरचेवर ऐकू येतो : रीस्किलिंग, म्हणजे हातचे काम सोडून नवे काम शिकणे. शब्द आशेचा आहे, पण त्याच्या पोटात एक नैतिक प्रश्न आहे. ही शिकण्याची जबाबदारी कुणाची? आणि ज्याला शिकणे जमले नाही, त्याची किंमत कमी झाली का?

आधी बदल समजून घेऊ. 1 एप्रिल 2020 पासून बीएस-6 नियम लागू झाले. बहुतेक नव्या दुचाकींतला कार्बोरेटर गेला आणि सेन्सरवर चालणारे फ्युएल इंजेक्शन आले. पाठोपाठ विजेवरच्या गाड्या आल्या. 2022 मध्ये आकुर्डीतच विजेवरच्या चेतकचा नवा कारखाना सुरू झाला. विजेच्या गाडीत पिस्टन नाही, क्रँकशाफ्ट नाही, व्हॉल्व्ह नाही, सायलेन्सर नाही. हे भाग घडवण्यात ज्यांची उमर गेली, त्यांच्यासमोर मोठाच प्रश्न उभा राहिला. शिवाय नव्या कामात धोकाही वेगळा. मोटारीची बॅटरी शेकडो व्होल्टची असते. बिघडलेले इंजिन आवाज करते, धूर सोडते. वीज आधी काहीच सांगत नाही.

समजा, एक अठ्ठेचाळीस वर्षांचे गृहस्थ आहेत. टॅपेट सैल झाले की बेअरिंग गेले, हे ते नुसत्या आवाजावरून सांगतात. आता त्यांना प्रशिक्षणाला बसवले आहे. मुलाच्या वयाचा शिक्षक लॅपटॉपवर एरर कोड वाचायला शिकवतो. समोरचा सगळा मजकूर इंग्रजीत. शंका विचारायची लाज वाटते. घरी येऊन ते गप्प बसतात. पंचवीस वर्षांची विद्या मातीमोल झाली, म्हणजे आपणही मातीमोल झालो, असे त्यांना वाटू लागते.

येथे संत थॉमस अक्वायनस यांचा एक विचार उपयोगी पडतो. ते कौशल्य आणि सद्गुण यांत फरक करतात. कौशल्यामुळे हातून घडणारी वस्तू चांगली होते; सद्गुणामुळे ते घडवणारा माणूस चांगला होतो. आपल्या गृहस्थांनी पंचवीस वर्षांत दोन्ही कमावले. सदोष भाग पुढे न ढकलणे, नव्या पोराला सांभाळून घेणे, कंटाळवाणे कामही नेटाने करणे, ही कमाई कार्बोरेटरबरोबर भंगारात जात नाही. पोप जॉन पॉल दुसरे यांनी तरुणपणी दगडाच्या खाणीत आणि रसायनांच्या कारखान्यात काम केले होते. 1981 च्या आपल्या परिपत्रकात त्यांनी हेच शिकवले की, काम माणसासाठी असते आणि कामाचे मोल ते करणाऱ्या माणसामुळे ठरते.

पण एवढ्या सांत्वनाने पोट भरत नाही. शिकायला तर हवेच. मग मालक म्हणतो, "देवाने दिलेली देणगी पुरून ठेवू नका," आणि संत मत्तयच्या शुभवर्तमानातील रुपयांचा दृष्टान्त सांगतो. तो दृष्टान्त आपण नीट वाचू या. धन्याने दासांकडून हिशेब घेतला हे खरे, पण त्याआधी त्याने तीन गोष्टी केल्या. भांडवल स्वतः दिले. प्रत्येकाला त्याच्या कुवतीप्रमाणे दिले. आणि तो पुष्कळ काळानंतर परतला, म्हणजे वेळ दिला. प्रशिक्षणाला हीच कसोटी लावावी. शिकण्याच्या दिवसांचा पगार मिळतो का? शिकवणे कामगाराला कळेल अशा भाषेत आहे का? चुकायला, पुन्हा करून पाहायला वेळ आहे का? जो हे देत नाही, त्याला हिशेब मागण्याचा नैतिक अधिकार नाही.

आणि ज्यांच्या हातावर काहीच ठेवले जात नाही त्यांचे काय? तीच लाइन, तोच घाम. पण प्रशिक्षणाच्या यादीत कंत्राटी कामगाराचे नाव क्वचितच असते. त्याला शिकवण्यापेक्षा बदलणे स्वस्त पडते. स्वस्त आहे म्हणून ते न्याय्य ठरत नाही.

कामगारानेही दृष्टान्तातला तिसरा दास विसरू नये. तो आळशी ठरला, पण त्याने स्वतः दिलेले कारण भीतीचे होते. भीती आणि लाज यांनीच आपल्यापैकी अनेकांचे रुपये जमिनीत पुरले जातात. मुलांनो, तुमचे वडील मोबाइलवर काही शिकत असतील, तर हसू नका, शेजारी बसा. जे सुपरवायझर आहेत, त्यांनी पुढची यादी करताना कुणाचे नाव राहिले ते पाहावे. आणि जे हे काम शिकले आहेत, त्यांनी रविवारी मिस्सानंतर तासभर दिला, तर आपल्या सभागृहाची दारे उघडी आहेत. तेथे कंत्राटी आणि कायम असा भेद राहणार नाही.

1955 मध्ये पोप पायस बारावे यांनी 1 मे हा दिवस कामगार संत योसेफ यांचा सण म्हणून दिला. नाझरेथच्या त्या सुताराने प्रभू येशूला हाती धरून काम शिकवले. देवाच्या पुत्रालाही कुणीतरी शिकवावे लागले, मग आपल्याला शिकण्याची लाज कशाला?

प्रभू आपणा सर्वांच्या हातांना आशीर्वाद देवो.

आपला,
प्रमुख धर्मगुरू