देणे नसलेला, घरी असलेला

महाभारताच्या वनपर्वात यक्ष युधिष्ठिराला प्रश्नामागून प्रश्न विचारतो, त्यांत एक सुखी माणसाबद्दलचा आहे. आनंदात असतो तो कोण? युधिष्ठिराच्या उत्तरात राज्य येत नाही, स्वर्ग येत नाही. पाचव्या-सहाव्या दिवशी का होईना, पण स्वतःच्या घरात भाजीपाला शिजवून खाणारा, कुणाचे देणे नसलेला आणि घर सोडून परमुलखात जावे न लागणारा माणूस आनंदात असतो, असे तो सांगतो. उपास त्याला चालतो. देणे आणि परागंदा होणे चालत नाही. राज्य, भाऊ, स्वतः आणि शेवटी पत्नी अशा क्रमाने सगळे पणाला लावून बारा वर्षे रानात काढलेल्या माणसाचे हे उत्तर आहे, म्हणून त्याला वजन आहे. घर, कर्ज आणि प्रवास या तीन गोष्टी त्याने एकत्र का बांधल्या, याचा उलगडा भाष्यग्रंथांपेक्षा पाथर्डी तालुक्यात लवकर होतो.

पाथर्डी हा नगर जिल्ह्याच्या पूर्वेचा, बीडला लागून असलेला, पर्जन्यछायेतला तालुका. मोहटादेवीची नवरात्रातली यात्रा उरकली, दसरा-दिवाळी झाली, की इथल्या गावांतून ऊसतोडीच्या टोळ्या निघतात: पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकात, जिथे कारखाना नेईल तिथे. जाण्याआधी मुकादमाकडून उचल घेतलेली असते. ती मुलीच्या लग्नाला गेलेली असते, दवाखान्याला गेलेली असते आणि बऱ्याचदा घराच्या बांधकामाला गेलेली असते. नवरा-बायकोच्या जोडीला तिथे एक कोयता धरतात. हंगामात तोडलेल्या उसाच्या टनावर मजुरी निघते, ती उचलीतून वळती होते आणि फिटली नाही तर बाकी पुढच्या वर्षावर जाते. म्हणजे स्लॅब पडतो गावात, आणि तो फेडायला धनी-धनीण पाच-सहा महिने उसाच्या फडाशेजारी पाचटाच्या कोपीत राहतात. घराला कुलूप असते, नाहीतर आत फक्त म्हातारी माणसे. ज्या घरासाठी देणे केले त्या घरापासूनच ते देणे दूर नेते. युधिष्ठिराने ज्या दोन गोष्टी जोडीने सांगितल्या त्या इथे एकाच व्यवहाराच्या दोन बाजू आहेत.

गृहकर्जाची खरी किंमत काय, हा प्रश्न मला या कोपीपासून विचारावासा वाटतो, कारण शहरात तो फक्त टक्क्यांचा होऊन बसतो. ऊसतोडीतून बाहेर पडलेल्या घरांतली पुढची पिढी चाकणला, भोसरीला, हडपसरला नोकरीला लागते आणि दोन खोल्यांच्या सदनिकेसाठी बँकेच्या दारात उभी राहते. समजा, वीस लाखांचे कर्ज 9 टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले. महिन्याचा हप्ता साधारण 17,995 रुपये येतो. दोनशे चाळीस हप्त्यांची बेरीज 43 लाख 19 हजारांच्या आसपास जाते. म्हणजे मुद्दल वीस आणि व्याज तेवीस लाखांच्या वर. पण बेरजेपेक्षा क्रम जास्त सांगून जातो. पहिल्या हप्त्यातले 15,000 व्याजाला जातात, मुद्दलातून तीन हजारही कमी होत नाहीत. दहा वर्षे एकही हप्ता न चुकवता साडेएकवीस लाखांहून अधिक भरल्यावर मुद्दल उरलेले असते 14 लाख 20 हजार. हप्त्याचा मोठा भाग मुद्दलाकडे वळायला तेरावे वर्ष उजाडते. हा हिशेब चोरून केलेला नसतो. कर्ज मंजूर होताना मिळणाऱ्या वेळापत्रकात तो ओळीने छापलेला असतो. वाचला मात्र क्वचित जातो, कारण त्या वेळी डोळ्यांसमोर घर असते.

तरीही तेवीस लाख ही खरी किंमत आहे, असे मी म्हणणार नाही. पैसा हे फक्त मोजमाप. प्रत्यक्षात गहाण पडतात ती वर्षे, आणि तीही अजून न आलेली. तिशीतला माणूस पन्नाशीतल्या स्वतःच्या वतीने सही करतो. त्या पन्नाशीतल्या माणसाची तब्येत कशी असेल, त्याची कंपनी चालू असेल की नाही, त्याला वेगळे काही करावेसे वाटेल की नाही, हे सही करणाऱ्याला ठाऊक नसते. वरिष्ठ अपमान करतो तेव्हा नोकरी सोडता येत नाही. गावाकडे आई अंथरुणाला खिळली तर वर्षभर जाऊन राहता येत नाही. चुकीच्या कामाला नकार देण्याआधी महिन्याची पाच तारीख आठवते. नाही म्हणण्याची मोकळीक हप्त्याहप्त्याने खर्च होते आणि तिची नोंद कुठल्याच खातेउताऱ्यात नसते. बुद्धांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली, त्यांत कुणाचे देणे नसण्याचे सुख स्वतंत्रपणे मोजले आहे. मिळकत असण्याचे सुख वेगळे, तिचा उपभोग घेण्याचे वेगळे आणि हे वेगळे. घर मिळाले म्हणून अनृण असण्याचे सुख आपोआप भरून निघत नाही, एवढे त्या वर्गवारीतून निश्चित कळते.

यावर पहिला आक्षेप धर्माकडूनच येईल. वैदिक परंपरा माणसाला जन्मतःच ऋणी मानते: देवांचे, ऋषींचे, पितरांचे ऋण घेऊनच तो येतो. मग कर्जाची एवढी भीती कशाला? पण ती ऋणे कशी फिटतात ते पाहावे. यज्ञाने, अध्ययनाने, संततीने. म्हणजे माणूस पूर्णपणे जगल्याने. ती फेडताना आयुष्य वाढते, आखडत नाही. त्यांना चक्रवाढ नाही, मुदत नाही, जप्ती नाही. सावकारी कर्जाला त्यांच्या पंक्तीला बसवणे हा त्या कल्पनेवर अन्याय आहे. पैशाच्या कर्जाबद्दल आपल्या स्मृतिकारांनी वेगळाच विचार केला आणि तो फार व्यवहारी होता. दामदुप्पट हा त्यातला नियम: एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलापेक्षा जास्त असू नये. मनुस्मृतीतला हा दंडक मुंबई इलाख्याच्या न्यायालयांनी इंग्रजी अमदानीतही हिंदू ऋणकोंसाठी लागू केला.

इथे प्रामाणिकपणे एक गोष्ट सांगायला हवी. दामदुप्पट थकलेल्या, साचलेल्या व्याजापुरती होती. नियमाने व्याज भरत गेलेल्याची एकूण बेरीज मुद्दलाच्या पुढे गेली तर ती त्याआड येत नव्हती. त्यामुळे वीस वर्षांचे गृहकर्ज दामदुपटीचा भंग करते असे म्हणता येणार नाही. पण नियमामागची जाणीव मला आजही खरी वाटते. उसन्या दिलेल्या पैशाला माणसाच्या आयुष्यावर अमर्याद हक्क नसतो, त्याला कुठेतरी कुंपण हवे, ही ती जाणीव. यहुदी शास्त्राने सातव्या वर्षी कर्जमुक्ती सांगितली, इस्लामने व्याजच निषिद्ध ठरवले. वाटा वेगळ्या असल्या तरी काळजी तीच दिसते. कुंपण नसले की काय होते हे पाथर्डीच्याच जिल्ह्याने पाहिले आहे. अमेरिकेतले यादवी युद्ध संपून कापसाचा भाव कोसळला, सारा वाढला, आणि मे 1875 मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्यापासून सुरू झालेला दख्खनचा दंगा नगर जिल्ह्यातही पसरला. जमावाचा रोख मुख्यतः सावकारांच्या जिवावर नव्हता, खतांवर आणि वह्यांवर होता. ते कागद हिसकावून जाळले गेले. त्यानंतर आलेल्या 1879 च्या दख्खन शेतकरी कायद्याने न्यायाधीशाला खताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याची मुभा दिली. अंगठा उठवला म्हणजे सगळे मान्य, हे तत्त्व तिथे पहिल्यांदा ढिले झाले.

बँक म्हणजे सावकार नव्हे आणि हप्ता म्हणजे उचल नव्हे, हा आक्षेप मला अर्धा मान्य आहे. मुकादमाचा हिशेब त्याच्या वहीत असतो, बँकेचा छापील. उचल न फिटलेल्या मजुराला अडवून ठेवल्याच्या तक्रारी नव्या नाहीत. गृहकर्जदाराला कुणी डांबत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे बदलत्या व्याजदराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीपूर्व फेडीचा दंड लागत नाही, आणि डिसेंबर 2023 पासून कर्ज फिटल्यावर तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत केली नाहीत तर बँकेला दिवसाला 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. हा फरक लहान नाही, आणि तो 1875 च्या धुरातून सुरू झालेल्या विचाराचाच पुढचा टप्पा आहे असे मी मानतो. तरी रचना तीच राहते: न केलेले काम आधी विकले गेलेले असते. शिवाय बदलत्या व्याजदराने किंमतच अनिश्चित होते. मे 2022 च्या सुरुवातीला 4 टक्के असलेला रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, ज्याच्यामागे बदलते व्याजदर हलतात, फेब्रुवारी 2023 मध्ये साडेसहावर गेला. ज्याने वीस लाख 7 टक्क्यांनी घेतले होते त्याचा हप्ता होता सुमारे 15,506 रुपये. दर अडीच टक्क्यांनी वाढल्यावर त्याच मुद्दलाचे नुसते महिन्याचे व्याजच 15,833 होते. हप्ता भरूनही कर्ज वाढले असते. म्हणून हप्ता चढवावा लागतो किंवा, जिथे जमते तिथे, मुदत लांबते. सही केली तेव्हाची वीस वर्षे वीसच राहतील याची हमी कुणी दिलेली नसते.

सर्वांत बळकट आक्षेप भाड्याचा आहे. भाडे तर संपूर्णच जाते, हप्त्याने निदान भिंती आपल्या होतात. महागाईने रुपया झिजतो, पगार वाढतो, आजचे अठरा हजार पंधरा वर्षांनी जड वाटणार नाहीत. आणि घराची किंमत वाढते ती वेगळीच. ज्याचा पगार खरोखर दरसाल वाढतो त्याच्यासाठी हे बरेचसे खरे आहे, आणि त्याला मी कर्ज घेऊ नको म्हणणार नाही. पण कंत्राटावर काम करणाऱ्याचा पगार महागाईइतका वाढतोच असे नाही. राहत्या घराची वाढलेली किंमत हातात पडण्यासाठी ते विकावे लागते, आणि विकले तर राहायचे कुठे, हा प्रश्न तिथेच असतो. भाड्याची खोली महिन्याच्या सूचनेने सोडता येते. वाईट दिवसांत माणूस लहान खोलीत जातो, गावी परततो. कर्जाला लहान खोली नसते. आणखी एक आक्षेप आहे आणि तो मला मनापासून मान्य आहे: ज्यांच्या पिढ्यांना स्वतःच्या नावावर एक खण जागा नव्हती, त्यांना कर्जाशिवाय ती कधीच मिळाली नसती. त्यांना अनृण राहण्याचा उपदेश करणे हे भरल्या पोटी उपासाचे माहात्म्य सांगण्यासारखे होईल. घराची भूक खरी आहे. माझे म्हणणे एवढेच की ती भागवताना मोजलेली किंमत पूर्ण मोजावी.

पूर्ण मोजायची तर सही कुणाची आणि भार कुणावर, हेही पाहावे लागते. ऊसतोडीत उचल पुरुष घेतो, व्यवहार मुकादमाशी त्याचा होतो, पण कोयता जोडीचा धरला जातो. न घेतलेल्या पैशासाठी बाई पहाटे फडात उभी असते. शहरातल्या गृहकर्जात पत्नी सहकर्जदार असते, तिची सही असते, म्हणजे कायद्याने संमती आहे. पण वेळापत्रक तिच्यापुढे उलगडून ठेवले होते का, मुलासाठी दोन वर्षे घरी राहावेसे वाटले तर काय, हे आधी बोलले गेले होते का? कुरुसभेत द्रौपदीने विचारलेला प्रश्न याच जातीचा आहे: जो स्वतःला आधीच हरला होता त्याला मला पणाला लावण्याचा अधिकार उरला होता का? भीष्मालाही त्याचे उत्तर देता आले नाही. मुलांच्या बाबतीत कायदा पुढे गेला आहे. बापाचे कर्ज फेडणे हे मुलाचे धर्मकर्तव्य म्हणून न्यायालये ते त्याच्यावर लादत, ते 2005 च्या हिंदू वारसा कायद्यातल्या दुरुस्तीने पुढच्या कर्जांपुरते बंद केले. तारण ठेवलेले घर मात्र वारसाला बोज्यासकटच मिळते.

आणि देणाऱ्याचा प्रश्न राहतोच. तुकोबांच्या घरी महाजनकी होती. दुष्काळाने सगळे होत्याचे नव्हते झाल्यावर त्यांनी लोकांकडून येणे असलेल्या खतांतला आपला वाटा इंद्रायणीत सोडला, असे त्यांच्या चरित्रपरंपरेत सांगतात. बँकेकडून हे कुणी मागत नाही, मागूही नये; ठेवीदारांचा पैसा असा सोडता येत नाही, कारण ठेवीदारही कुणाचे तरी म्हातारे आईबाप असतात. पण तुकोबांच्या कृतीत एक कबुली आहे की दुष्काळातला ऋणको आणि सुकाळातला ऋणको एकच नसतो. बँकेने त्या कबुलीतून घ्यावे एवढेच की मुदत लांबवणे ही दर वेळी सवलत नसते.

घेणाऱ्यापुरते मी दामदुपटीला घरच्या नियमासारखे वापरावे म्हणतो. कायदा सांगत नसला तरी कुटुंबाने ठरवावे की एकूण व्याज मुद्दलाच्या पुढे जाऊ द्यायचे नाही. 9 टक्क्यांना ही रेषा साधारण सतरा वर्षे आठ महिन्यांवर पडते. तेच वीस लाख पंधरा वर्षांत फेडले तर हप्ता 20,285 होतो, म्हणजे महिन्याला सुमारे 2,300 जास्त, आणि एकूण भरणा पावणेसात लाखांच्या आसपास कमी. तेवढा हप्ता झेपत नसेल तर घर एका खोलीने लहान घ्यावे, किंवा गावाजवळ घ्यावे, किंवा दोन वर्षे थांबून हातची रक्कम वाढवावी. सही करण्याआधी वेळापत्रकातले शेवटचे पान नवरा-बायकोने मिळून वाचावे. त्या पानावरच्या तारखेला दोघांचे वय काय असेल ते समोर लिहावे, आणि मग बँकेत जावे.