मोनिकाने मागितलेला कौल

२७ ऑगस्टला संत मोनिकाचा सण. आमच्या वसईच्या चर्चमध्ये त्या दिवशीचं प्रवचन ठरलेलं: आईने वर्षानुवर्षं आसवं गाळली आणि वाट चुकलेला मुलगा संत ऑगस्टिन झाला. माझा थोरला पस्तिशीला टेकलाय, लग्नाचं नाव काढत नाही. त्यामुळे मिस्सा सुटली की शेजारणी हमखास बजावतात, "मोनिकाकडे माग गं, ती आयांचं ऐकते."

मी मागत नाही. तिने मुलाचं लग्न कसं जमवलं, ते मुलानेच 'कन्फेशन्स'च्या सहाव्या भागात लिहून ठेवलंय. तो मिलानला वक्तृत्वाचा प्राध्यापक. आफ्रिकेपासून त्याच्यासोबत नांदलेली बाई, तिच्यापासून झालेला अदेओदातुस. ३८५ साली आई तिथे पोचली आणि चांगल्या घरची मुलगी ठरली. लग्नाच्या वयाला दोन वर्षं कमी; रोमन कायद्यात ते वय बारा, म्हणजे पोर दहाची! अडसर नको म्हणून बाईची रवानगी आफ्रिकेला. मुलगा बापाकडे राहिला.

या लग्नासाठी मोनिका देवाकडे कौल मागत होती. स्वप्नं पडली, पण ती पोकळ. देवाचा दृष्टांत कुठला आणि आपल्याच मनाचे खेळ कुठले, हे आपल्याला चवीवरून कळतं, असं ती म्हणायची. ही स्वप्नं देवाची नव्हेत, हे तिने मुलाला सरळ सांगितलं. इतका खरेपणा आमच्यातल्या एकीकडे नाही. आम्ही आपली मर्जी झाली की लगेच 'देवाची इच्छा' म्हणून मोकळ्या! पण कौल मिळाला नाही, हे कळूनही तिचा तगादा थांबला नाही. मला तिथे अडतं.

फादर म्हणतात, देवाने त्यातूनही भलंच केलं. ३८६ साली ऑगस्टिनचं मन पालटलं, लग्न बारगळलं, ३८७च्या ईस्टरला बाप्तिस्मा झाला. भलं झालं, कबूल. पण शेवट गोड झाला म्हणून त्या बाईला घालवणं योग्य कसं ठरतं? जाताना तिने देवाला शब्द दिला, यापुढे दुसरा पुरुष नाही. याला दोन वर्षं धीर धरवेना, दुसरी ठेवली. आपल्याला तिच्यासारखं वागता आलं नाही, हे तोच लिहितो. तिचं नाव मात्र लिहीत नाही.

यंदा तिच्याविषयीही बोला, असं मी फादरना सुचवलं. ते म्हणाले, "सण आयांचा असतो, बाई."

मग मुलाला मिलानला सोडून गेली, ती कोण होती?