उचल घेण्याआधी

डहाणू-तलासरीतून दर हंगामात कितीतरी तरुण ओखा, पोरबंदर, मांगरोळच्या बोटींवर खलाशी म्हणून जातात. त्यातले काही सागरी हद्द ओलांडल्यावरून पाकिस्तानकडून पकडले जातात आणि थेट कराचीच्या मलीर तुरुंगात पोहोचतात. अशाच एका घरातला हा कल्पित संवाद. मुलगा मालकाकडून उचल घ्यायला निघालाय, वकिली शिकणारी बहीण अडून बसलीय आणि मामा जुना तांडेल, म्हणजे बोटीचा कप्तान, आहे.

“मामा, बोटीवर जीपीएस असतं. हद्द ओलांडली की कळतंच ना?”

“कळतं. कधी इंजिन बंद पडून बोट वाहवते, पण पुष्कळदा कळून-सवरूनच जातात. अलीकडं ट्रॉलरनी तळ खरवडून काढलाय. सिंधूच्या मुखाकडं तिवरं आहेत, मासळी आहे. डिझेलचे पैसे तर निघायला हवेत!”

“म्हणजे गुन्हाच.”

“तांडेलाचा. जाळं ओढणाऱ्या पोराला कोण विचारतं?”

मुळात हद्द कुठली? सर क्रीक ही भारत-पाकिस्तानमधली ९६ किलोमीटरची खाडी. १९१४च्या ठरावावर बोट ठेवून पाकिस्तान तिचा पूर्वकाठ सीमा मानतो. भारत खाडीचा मध्य. खाडीचंच ठरेना, म्हणून पुढं समुद्रातली रेषाही ठरलेली नाही. पकडापकडी मात्र दोन्हीकडून चालते. सिंधचे मच्छीमारही गुजरातेत कैद होतात.

“आंतरराष्ट्रीय सागरी कायद्याचं कलम ७३ आहे,” बहीण म्हणाली. “दुसऱ्या देशाच्या आर्थिक क्षेत्रात मासे धरले म्हणून, आपसांत तसा करार नसेल तर, तुरुंगात टाकता येत नाही. किनाऱ्यापासून १२ सागरी मैलांच्या आत गोष्ट वेगळी.”

“ते बारा मैल कुणाच्या काठापासून मोजायचे?”

तिच्याकडं उत्तर नव्हतं. “मग सगळ्यांना मोकळं सोडायचं?”

“तसं कसं? पलीकडच्याची होडी लहान. आपला ट्रॉलर तिथं घुसला तर त्याच्या घरी काय शिजणार? पोट त्यालाही आहे.”

मामाचं हे म्हणणं टाळता येत नाही. मासळी राखण्यासाठी बोट अडवावी, परत पाठवावी, मालकाकडून दंड घ्यावा. पण शिक्षा संपूनही राष्ट्रीयत्वाची खातरजमा होईपर्यंत खलाशी वर्षानुवर्षं आत राहतो. काहींचे मृतदेहच घरी आलेत. पाणी कुणाचंही ठरो, या कैदेचं समर्थन होऊ शकत नाही. २००८च्या करारानुसार दोन्ही देश १ जानेवारी आणि १ जुलैला कैद्यांच्या याद्या एकमेकांना देतात. यादी मिळते, सुटका लांबते.

“मग दादा जाणारच?”

“उचल नाही घेतली तर पावसाळ्यात खायचं काय, सांग.”

“बरं. बोटीचा नंबर, मालकाचा पत्ता लिहून घे. आधारची प्रत घरी राहू दे. त्याची ओळख पटवायची वेळ आली, तर तेच लागेल.”