छायेचा प्रेक्षक

एखादी गोष्ट प्रत्यक्ष पाहणें अनुचित असेल, तर तिची पडद्यावरील छाया पाहणें उचित ठरतें काय? हा प्रश्न मूकपटाच्या बाल्यावस्थेंतच उपस्थित झाला होता.

१७ मार्च १८९७ रोजीं अमेरिकेंतील नेव्हाडा राज्यांत, कार्सन सिटी येथें, कॉर्बेट व फिट्झसिमन्स या मुष्टियोद्ध्यांची झुंज झाली. चौदाव्या फेरींत कॉर्बेट कोसळला. एनॉक रेक्टर यानें ती झुंज चित्रित केली. आणि ज्या काळीं चित्रें मिनिटभरांत संपत, त्या काळीं हा मूकपट तासाहून अधिक चाले. बक्षिसासाठीं ठोसेबाजी करणें बहुतेक राज्यांत गुन्हा होता. तिचें चित्र मात्र नाट्यगृहांत उजळ माथ्यानें दाखविलें जाई. रिंगणाकडे न फिरकणाऱ्या स्त्रियाही तें पाहावयास जात. धर्मोपदेशकांनीं ओरड केली, पण ती फारशी कोणीं मनावर घेतली नाहीं.

प्रेक्षक म्हणे, जें व्हावयाचें तें होऊन गेलें. मीं कोणास मारविलें नाहीं. युक्तिवाद बिनतोड दिसतो. परंतु झुंज ठरली तीच मुळीं चित्राच्या उत्पन्नावर डोळा ठेवून. म्हणजे मागाहून येणाऱ्या या प्रेक्षकाचें तिकीट पहिल्या ठोशाच्या आधींच हिशेबांत धरलेलें होतें.

पुढें ४ जुलै १९१० रोजीं रेनो येथें कृष्णवर्णी जॅक जॉन्सननें गौरवर्णी जेफ्रीजला पंधराव्या फेरींत नमविलें. वार्ता पसरतांच अनेक शहरांत दंगे होऊन माणसें मेलीं, आणि ठिकठिकाणीं त्या झुंजीच्या चित्रास बंदी झाली. १९१२ सालीं अशीं चित्रें एका राज्यांतून दुसऱ्या राज्यांत नेण्यास कायद्यानेंच मनाई झाली. ती १९४० पर्यंत टिकली. शांततेस धोका हें कारण सर्वस्वी खोटें नव्हे. पण दंगे चित्र दिसण्यापूर्वींच झाले होते. ठोसे पूर्वींचेच होते. बदलला होता विजेत्याचा वर्ण. परक्याच्या वेदनेनें न जागलेली सदसद्विवेकबुद्धि स्वतःच्या अभिमानास धक्का बसतांच जागी झाली.

आपल्याकडे १८९९ सालीं सावेदादा भाटवडेकरांनीं मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्ती चित्रित केली. आखाड्याशेजारीं बसून जी निःसंकोच पाहावी, तिची छाया पाहण्यांतही संकोच नको. मला वाटतें, कसोटी हीच: खेळणाऱ्याच्या डोळ्याला डोळा भिडवून जें आपण पाहूं शकत नाहीं, तें अंधारांत बसून पाहण्याचाही आपणांस अधिकार नाहीं.