घ्यायचे माप, द्यायचे माप

कल्याणहून मुंबईला नोकरीसाठी ये-जा करण्यात आमच्या आयुष्याची तीसेक वर्षे गेली. गाडीत आमचा एक कंपू जमला होता. ठाण्याला चढणारे एक ईस्ट इंडियन ख्रिस्ती गृहस्थ त्यातलेच. घरी मराठी बोलणारे, नाताळचा फराळ न चुकता आमच्यासाठी आणणारे. ऐन उमेदीच्या दिवसांत आम्ही त्यांच्या हाती एक पुस्तक ठेवले : बर्नबासचे शुभवर्तमान. "चर्चने दडवून ठेवलेले खरे इंजील हेच," असे आम्हाला सांगण्यात आले होते आणि आम्ही ते तसेच त्यांना सांगितले.

महिनाभराने त्यांनी पुस्तक परत केले. एका पानाचा कोपरा दुमडलेला होता. म्हणाले, "भाई, यात येशू म्हणतो, मी मसीहा नाही. तुमचं कुरआन त्याला काय म्हणतं?"

आम्ही गप्प झालो. सूरह आल-ए-इम्रानमध्ये हजरत ईसा (अ.) यांना 'मसीह' म्हटले आहे, हे आम्हाला लहानपणापासून ठाऊक होते. म्हणजे जे पुस्तक आम्ही कुरआनचा साक्षीदार म्हणून उभे केले, ते कुरआनच्याच विरुद्ध बोलत होते. आम्ही ते नीट वाचलेच नव्हते. ते आपल्या बाजूचे आहे एवढ्यावरच त्याला खरे मानले होते.

या प्रसंगाने आमचा पिच्छा सोडला नाही. पुढे आम्ही ख्रिस्ती परंपरेतले प्रमाणबाह्य ग्रंथ जमेल तसे समजून घेतले. नव्या करारात आज २७ पुस्तके आहेत. नेमकी हीच यादी इ.स. ३६७ मध्ये अलेक्झांड्रियाचे बिशप अथनेशियस यांनी आपल्या पत्रात दिली. त्यापूर्वी आणि त्यानंतरही प्रेषितांच्या नावाने कितीतरी पुस्तके लोकांत फिरत होती. यादीबाहेर राहिली म्हणून ती मेली नाहीत. मरीयेच्या आईवडिलांची नावे, ॲना आणि योआकिम, बायबलमध्ये कुठेच नाहीत. ती दुसऱ्या शतकातल्या 'याकोबाच्या आद्य शुभवर्तमाना'तून आली, तरी चर्च त्यांचा सण पाळते. आमच्या मित्रांना हे विचारले तेव्हा ते हसून म्हणाले, "अहो, आमच्या नाताळच्या गोठ्यातला बैल आणि गाढवसुद्धा शुभवर्तमानात नाही!" स्वतःच्या घरातली उसनी वस्तू त्यांनी किती सहज दाखवली!

हा विषय आपल्या भागाला परका नाही. सहाव्या शतकात कॉस्मस या ग्रीक भाषेत लिहिणाऱ्या प्रवाशाने 'कल्लियाना' येथे इराणहून नेमलेला बिशप असल्याचे नोंदवले आहे. हे कल्लियाना म्हणजे आपले कल्याणच, असे बहुतेक अभ्यासक मानतात. ज्या खाडीतून पुढे अरब व्यापारी आले, तिच्याच काठी इस्लामपूर्वी ख्रिस्ती वस्ती होती. अशा वस्त्यांची प्रार्थनेची भाषा सीरियाक. आणि भारताविषयीची सर्वांत प्रसिद्ध प्रमाणबाह्य कथा त्याच भाषेत, तिसऱ्या शतकात लिहिली गेली : 'थॉमसची कृत्ये'.

तिच्यात थॉमस सुतार म्हणून भारतात विकला जातो. गोंडोफेर्नस राजा त्याला महाल बांधायला पैसे देतो. थॉमस ते सगळे गोरगरिबांत वाटून टाकतो आणि राजाला सांगतो, "तुझा महाल स्वर्गात उभा आहे." विद्वान या राजाला काल्पनिक समजत. एकोणिसाव्या शतकात काबूल-पंजाबकडे त्याच्या नावाची नाणी सापडली आणि राजा खरा निघाला. पण राजा खरा निघाला म्हणून महालाची गोष्ट खरी ठरत नाही. नाण्याची साक्ष नाण्यापुरतीच.

आता आपल्या घरात येऊ. मातीचे पक्षी करून त्यांत फुंकर मारणारे हजरत ईसा आपल्या मुलांना माहीत आहेत. ही कथा कुरआनात दोन ठिकाणी येते. बायबलच्या चार शुभवर्तमानांत ती नाही. दुसऱ्या शतकातल्या 'थॉमसच्या बाल्य-शुभवर्तमाना'त आहे. तिथे पाच वर्षांचा येशू शब्बाथच्या दिवशी मातीच्या बारा चिमण्या करतो. हजरत मरियम यांना मेहराबमध्ये मिळणारे अन्न, त्यांचा सांभाळ कोणी करावा यासाठी टाकलेल्या लेखण्या, यांच्याशी मिळतेजुळते प्रसंग याकोबाच्या पुस्तकात सापडतात.

यावर आपण काय बोलतो ते पाहा. समोर पाद्री असला की म्हणतो, "बघा, तुमच्या चर्चने नाकारलेली पुस्तकेही कुरआनला दुजोरा देतात." समोर एखादा पाश्चात्त्य पंडित "ही कथा तिथूनच घेतली" म्हणाला की त्याच पुस्तकाला आपण "बनावट" म्हणतो. पुस्तक तेच, पाने तीच. बदलली ती आपली गरज.

वही ही कुणाची नक्कल नसते, ही आमची श्रद्धा आहे आणि ती या पुस्तकांमुळे डळमळली नाही. अशा कथा कुरआनच्या आधीपासून सीरियाकडच्या ख्रिस्ती लोकांत सांगितल्या जात होत्या, असे इतिहासकार म्हणतो. ते मान्य करायलाही आम्हाला भीती वाटत नाही. तो 'कथा कुठे-कुठे फिरली' हे विचारतो. श्रद्धा 'ती कोण आणि कशासाठी सांगत आहे' हे विचारते. एका प्रश्नाचे उत्तर देऊन दुसऱ्याचे तोंड बंद करता येत नाही.

बर्नबासचे पुस्तक मात्र या प्राचीन ग्रंथांच्या पंगतीत बसत नाही. त्याचे जुने हस्तलिखित इटालियन भाषेतले, व्हिएन्नात आहे. त्यात दर शंभर वर्षांनी येणारे जुबिली वर्ष आहे. तौरातमध्ये ते पन्नास वर्षांनी येते. शंभराचा हिशेब इ.स. १३०० मध्ये पोपने सुरू केला. त्यात येशू नावेने नाझरेथला पोहोचतो आणि नाझरेथ तर डोंगरात आहे! १९०७ मध्ये त्याचा इंग्रजी अनुवाद निघाला, पुढच्या वर्षी कैरोहून अरबी. तेव्हापासून ते आपल्यात हातोहात फिरत आहे.

दुःख याचे वाटते, की परख करण्याची विद्या आपल्याकडे होती. हदीस कोणी कोणाकडून ऐकली, सांगणारा खरा बोलणारा होता का, दोघांची भेट झाली होती का, हे तपासण्यात इमाम बुखारींसारख्यांनी हयात घालवली. खुद्द पैगंबरांच्या (स.) नावाने आलेली, ऐकायला गोड असलेली वचनेही त्यांनी 'मौजू', म्हणजे रचलेली, म्हणून बाजूला काढली. आपल्या बाजूचे असणे हा त्यांच्या लेखी पुरावा नव्हता.

हेच माप न आवडणाऱ्या गोष्टींनाही लावावे लागते. १३२१ मध्ये आपल्या ठाण्यात चार फ्रान्सिस्कन धर्मोपदेशक मारले गेले. ते इथल्या नेस्टोरियन ख्रिस्ती कुटुंबाकडे उतरले होते. काझीसमोर त्यांना धर्माविषयी प्रश्न विचारले गेले आणि त्यांच्या उत्तरांवरून जीव गेला. ओडोरिक या प्रवाशाने ही हकिकत लिहिली. तीत आगीने न जळण्यासारखे चमत्कारही आहेत. चमत्कारांवर बोट ठेवून सगळी घटनाच उडवून लावणे सोपे आहे. पण त्यांचे सोबती जॉर्डनस यांचे त्याच काळातले पत्र आहे. मृत्यू घडला, चमत्कार भक्तीने जोडले, असे म्हणणेच न्यायाचे. आपल्या दर्ग्यांच्या करामती ऐकताना मात्र ही चिकित्सा आपल्याला आठवत नाही.

कुरआनात एक सूरह माप मारणाऱ्यांवर आहे : घेताना पुरेपूर मोजून घेणारे आणि देताना कमी देणारे. कल्याणच्या बाजारात धान्य घेताना आम्हाला ती नेहमी आठवे. ती पुस्तकांनाही लागू आहे, हे गाडीतल्या त्या प्रश्नाने शिकवले.

हल्ली मशिदीबाहेर कुणी पुस्तिका दिली किंवा मोबाइलवर कुणी 'दडवलेले सत्य' पाठवले, तर पुढे ढकलण्याआधी आम्ही स्वतःला दोन गोष्टी विचारतो. हे कोणी, कोणाकडून ऐकून सांगितले? आणि हे आपल्याविरुद्ध असते, तर एवढ्याच पुराव्यावर आपण ते मानले असते का? पुष्कळदा पुस्तिका घरीच राहते.

बर्नबासची ती प्रतही आमच्याकडेच आहे. दुमडलेला कोपरा आम्ही सरळ केलेला नाही.