श्रद्धेचा परवाना

धर्मस्वातंत्र्याची कल्पना युरोपात तत्त्ववेत्त्यांच्या ग्रंथांतून उदय पावली, असे आपण सामान्यतः मानतो. परंतु नॉर्वे, स्वीडन व डेन्मार्क या उत्तरेकडील देशांचा इतिहास पाहिला, तर तेथे ती शेतकऱ्यांच्या माजघरांत, तुरुंगांत आणि समुद्रापार जाणाऱ्या जहाजांवर घडत गेली, असे दिसते. धर्मसुधारणेनंतर या देशांत ल्यूथरपंथ हा राजधर्म झाला. जन्म, बाप्तिस्मा, विवाह आणि मृत्यू यांची नोंद पाद्र्याच्या दप्तरात होई, आणि मनुष्याची श्रद्धा त्याच्या शेतजमिनीप्रमाणेच गावच्या हद्दीत बांधली गेली होती. १७२६ साली स्वीडनमध्ये आणि १७४१ साली डेन्मार्क-नॉर्वेच्या संयुक्त राज्यात निघालेल्या फर्मानांनी चर्चबाहेरील धर्मसभांवर निर्बंध घातले. नॉर्वेत तर पाद्र्याच्या संमतीवाचून सभा भरविणे आणि गावोगाव फिरून उपदेश करणे हे गुन्हेच ठरले.

या बंधनाला पहिला मोठा धक्का दिला तो हान्स नीलसेन हाउगे या शेतकऱ्याच्या मुलाने. १७९६ च्या एप्रिल महिन्यात शेतात नांगर चालविताना त्याला जो साक्षात्कार झाला, त्यानंतर हा तरुण नॉर्वेचा मुलूख पायी तुडवू लागला. चालता चालता तो हातमोजे विणी, मुक्कामाच्या घरी शेतीच्या कामाला हात लावी आणि संध्याकाळी जमलेल्यांना बायबलचा अर्थ सांगे. १८०४ मध्ये त्याला कैद झाली, त्याची पुस्तके जप्त झाली आणि खटला दहा वर्षे रेंगाळला. इंग्रजांच्या नाकेबंदीने देशात मिठाचा दुष्काळ पडला, तेव्हा १८०९ साली याच कैद्याला मीठ तयार करण्यासाठी सरकारने काही काळ मोकळे केले, आणि काम आटोपताच पुन्हा कोठडीत घातले. त्याची उपयुक्तता सरकारला मान्य होती. त्याच्या वाणीचा हक्क तेवढा मान्य नव्हता.

याच वर्षांत डेन्मार्क-नॉर्वेच्या त्याच राजाच्या अंमलाखालील बंगालमधील श्रीरामपुरात याच्या नेमका उलटा प्रकार घडत होता, हे मराठी वाचकाने लक्षात ठेवण्याजोगे आहे. कंपनी सरकारने ज्याला आपल्या हद्दीत उघडपणे धर्मप्रचार करू दिला नसता, त्या विल्यम कॅरी या मूळच्या चर्मकाराला १८०० साली डॅनिश निशाणाखाली आश्रय मिळाला, आणि त्याचे मराठी व्याकरण १८०५ मध्ये व मराठी कोश १८१० मध्ये तेथूनच प्रसिद्ध झाला. परक्या प्रांतात परक्या पंथाच्या कारागिराला जी मुभा होती, ती स्वदेशातील स्वपंथीय शेतकऱ्याला नव्हती; यावरून त्या काळी धर्मस्वातंत्र्य हा प्रजेचा हक्क नसून राजाच्या मर्जीचा प्रश्न होता, हे उघड होते.

मर्जीवर जगणे ज्यांना दुःसह झाले, त्यांनी समुद्र जवळ केला. ४ जुलै १८२५ रोजी स्टाव्हांगर बंदरातून ‘रेस्टोरेशन’ नावाचे लहानसे गलबत बावन्न माणसांना घेऊन निघाले. त्यांत क्वेकर पंथाचे आणि हाउगेच्या वळणाचे लोक होते. वाटेत एक मूल जन्मले आणि ९ ऑक्टोबरला त्रेपन्न जण न्यूयॉर्कला उतरले. गलबताच्या मानाने उतारू फार, म्हणून अमेरिकन कायद्यानुसार ते जप्त झाले. राष्ट्राध्यक्ष जॉन क्विन्सी ॲडम्स यांनी माफी दिली तेव्हा ते सुटले. पुढील शंभर वर्षांत सुमारे आठ लक्ष नॉर्वेजियन देशांतराला निघाले. त्यांतील बहुसंख्यांना जमिनीची टंचाई आणि पोटाची चिंता घेऊन गेली, हे खरे. परंतु तेथे पोहोचल्यावर त्या सर्वांपुढे एक नवा प्रश्न उभा राहिला. चर्च बांधावयाचे तर वर्गणी आपली, पाद्री नेमावयाचा तर निवड आपली. वारशाने मिळालेला धर्म आता स्वतः पत्करावा लागला.

स्वातंत्र्य मिळाले म्हणजे ते टिकतेच असे नाही, याचा दाखला स्वीडिश एरिक यानसनने दिला. राजधर्माचे ग्रंथ जाहीरपणे जाळणाऱ्या या उपदेशकाने १८४६ मध्ये इलिनॉयात बिशप हिल ही सामुदायिक मालमत्तेची वसाहत उभारली. पण तेथे स्वतःच्या शब्दापुढे दुसऱ्या कोणाचा शब्द त्याने चालू दिला नाही. राजाच्या सत्तेपासून पळालेल्या अनुयायांवर नवी सत्ता बसली, आणि १८५० साली त्याचा खून झाला. इकडे मायदेशी मात्र ती जुनी फर्माने नॉर्वेत १८४२ साली आणि स्वीडनमध्ये १८५८ साली रद्द झाली.

१८४२ सालीच स्टाव्हांगर येथे नॉर्वेची मिशनरी संस्था स्थापन झाली, हा मला निव्वळ योगायोग वाटत नाही. श्रद्धेची गावच्या हद्दीतून सुटका होताच ती दुसऱ्यापर्यंत नेण्याचे कर्तव्य सामान्य माणसाला आपले वाटू लागले. स्वीडनमधून अमेरिकेत गेलेल्या फ्रेडरिक फ्रान्सनने १८९० मध्ये स्थापिलेल्या स्कँडिनेव्हियन अलायन्स मिशनचे लोक पुढे आपल्या खानदेशापर्यंत आले. परंतु या विचाराची खरी कसोटी लागली ती संताळ परगण्यात. तारुण्यात चोरीसाठी तुरुंग भोगलेला लार्स स्क्रेफ्सरूड १८६७ साली तेथे उपदेशासाठी गेला. पण त्याने संताळी भाषेचे व्याकरण लिहिले, आणि कोलेआन नावाच्या वृद्ध संताळ गुरूच्या तोंडून त्यांच्या पूर्वजांच्या कथा व रूढी ऐकून त्या शब्दशः उतरवून घेतल्या. हाउगेने बोलण्याचा हक्क मागितला होता. स्क्रेफ्सरूडच्या या कामात दुसऱ्याचे ऐकून घेण्याच्या जबाबदारीची जाणीव दिसते.

या दीर्घ प्रवासाचा माझ्या मते एकच निष्कर्ष आहे. आपल्या श्रद्धेसाठी मोकळीक मागणे हे या विचाराचे अर्धेच अंग होय. आपल्याशी सहमत नसलेल्यालाही तीच मोकळीक देण्यात त्याची परिपूर्ती आहे, आणि जो समाज पहिले मागून दुसरे नाकारतो, त्याने राजाचा परवाना फाडून स्वतःचा परवाना जारी केला, एवढेच म्हणावे लागेल.